राहून गेलेलं दार

७ सप्टेंबर, रविवार

सासूबाईंनी आज चहा पिता पिता बाँब टाकला. "मी वेगळं राहायचं म्हणते. ह्यांनी घेतलेला तो जमिनीचा तुकडा नुसता पडून आहे. जावईबापू, तुम्ही घर काढून द्या. माझ्या एकटीपुरतं."

माझं बिस्किट कपात पडलं. हिच्या हातून काही पडलं नाही, पण ती उठून आत गेली. आमच्याकडे 'आत' म्हणजे झोपायची खोली, दुसरं आत नाहीच. दार आपटल्याचा आवाज. "लागलं तिला," सासूबाई म्हणाल्या आणि आणखी एक बिस्किट घेतलं.

बाई सत्तर वर्षांच्या. चौतीस वर्षं कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवलं. सासरे गेल्यापासून, म्हणजे सहा वर्षं, आमच्याकडे. सहा वर्षांत माझं त्यांच्याशी एकदाही भांडण झालेलं नाही. भांडायच्या आधी त्या शब्दांच्या व्याख्या मागतात आणि व्याख्या होईपर्यंत राग निघून जातो!

९ सप्टेंबर

ही बोलत नाही. आईशी अजिबात नाही, माझ्याशी कामापुरतं. "मीठ." "किल्ली." "लाईट बिल."

संध्याकाळी शेवटी फुटली. "माझ्याकडे काय कमी आहे तिला? लोक म्हणतील, मुलीनं आईला बाहेर काढलं. आणि तू घर काढून देणार? नवरा माझा आणि पेन्सिल तिची?" मग डोळे पुसून, अगदी थंडपणे — "ती तिथं राहायला गेली तर मी त्या घरात पाऊल टाकणार नाही. लिहून ठेव."

लिहून ठेवलं.

१० सप्टेंबर

सासूबाईंनी सगळं ऐकलं होतं. आमच्या भिंती साडेचार इंची, बिल्डरची कृपा. सकाळी त्यांनीही जाहीर केलं. "मग मीही सांगते. लेकीनं आधी पाऊल टाकल्याशिवाय मी त्या घरात राहायला जाणार नाही."

म्हणजे घर बांधायचं आणि त्यात कुणी जायचं नाही! इकडे आड, तिकडे विहीर, मधे मी पेन्सिल घेऊन उभा.

थट्टा बाजूला. सतरा वर्षं मी मोठ्या साहेबांच्या ऑफिसात जिने आणि संडास काढतोय. इमारती साहेबांच्या, जिने माझे. चौदा हॉस्पिटलं, तीन कोर्टं, एक विमानतळ. रोज हजारो लोक माझ्या पायऱ्या चढतात आणि कुणाला माझं नाव ठाऊक नाही. जोत्यापासून छपरापर्यंत माझं असं एकही घर नाही. हे पहिलं. ते रिकामं उभं राहिलेलं मला बघवणार नाही. हिला पटवायचं. काय वाटेल ते झालं तरी.

१४ सप्टेंबर, रविवार

पहिली बैठक. जेवणाचं टेबल मोकळं करून मोठा कागद पसरला. (हिचे कागद उचलून पलंगावर ठेवले. ही शाळेच्या पुस्तकांची मुद्रितं तपासते, घरीच. छापलेल्या चुका धरून पोट भरणारी बाई, तिच्याशी भांडणात जिंकणार कोण?)

मी ऐटीत विचारलं, "आई, खोल्या किती हव्यात?"

"खोली म्हणजे काय?"

झालं! पुढचा दीड तास घड्यात गेला. त्यांचं म्हणणं — कुंभार घडा करतो, पण घड्यातली पोकळी तो करत नाही. ती आधीपासून तिथं होतीच. घडा फुटला तरी तिचं काही बिघडत नाही. "आणि राहायचं तर पोकळीत. भिंतीत कुणी राहत नाही. मग जावईबापू, तुम्ही नेमकं करता काय?"

"मी संडासाचा पाइप कुठून जाणार ते बघतो," मी म्हटलं.

मनापासून हसल्या. वहीत टिपूनही घेतलं, देव जाणे कशाला. कागद कोरा तो कोराच.

२१ सप्टेंबर, रविवार

काहीतरी दाखवायचं म्हणून आठवडाभर खपून नकाशा काढला. हॉल, दोन बेडरूम, एक छोटी खोली, पॅसेज, स्वयंपाकघर, मागे व्हरांडा. सासूबाई तांबडी पेन्सिल घेऊन बसल्या. पेपर तपासायची सवय!

"ही भिंत का?"

"हॉल वेगळा दिसावा म्हणून."

"कुणाला?"

"येणाऱ्याजाणाऱ्याला."

"त्यांच्यासाठी मी कशाला भिंत झाडू?" फुली.

"पॅसेज का?"

"एका खोलीतून दुसऱ्या खोलीत जायला."

"दुसरी खोली का?"

फुली. दुसरी बेडरूम गेली. मग हॉल आणि पहिली बेडरूम यांच्यातली भिंत गेली. त्यांची पद्धत सरळ आहे — 'हे नको, हेही नको' करत जायचं. जे काढल्यावरही घर घरच राहतं, ते घर नव्हतंच. मी म्हटलं, अशानं छप्परही जाईल. "त्याचं कारण तुम्हाला सांगता आलं तर राहील," म्हणाल्या. मी पावसाचं कारण दिलं. छप्पर वाचलं.

मला राग यायला हवा होता. आला नाही. सतरा वर्षांत माझ्या एकाही रेघेला कुणी 'का?' विचारलेलं नाही. फक्त 'कधी?' विचारतात.

२४ सप्टेंबर

मोठ्या साहेबांना नकाशावर जिन्याचं वळण दाखवून म्हटलं, "सर, इथं माणूस थांबून मागे बघतो, तर ही जागा जरा अर्थपूर्ण —" साहेब म्हणाले, "जिन्याला तत्त्वज्ञान नको. कठडा लावा."

२८ सप्टेंबर, रविवार

आता उरलंय ते असं — एक मोठी खोली, तिच्याच एका अंगाला ओटा, एका कोपऱ्यात कॉट. मोरी-संडास. मागे व्हरांडा. आणि एक छोटी खोली, नऊ फूट बाय अकरा.

ह्या छोट्या खोलीवर पेन्सिल आली तसा मी श्वास रोखला. माझ्याकडे कारण नव्हतं! उगाच बरी दिसते म्हणून काढली होती. पण पेन्सिल वरच्यावर थांबली. "ही राहू द्या. हिचं कारण मला माहीत आहे."

मग कागदाकडे बघतच बोलत राहिल्या. वडिलांच्या घरी सात भावंडं. लग्नानंतर सासू, दीर, जावा. मग वेगळा संसार, त्यात ही झाली. मग आम्ही. "सत्तर वर्षांत मोरी सोडून कुठल्याही खोलीची कडी मी माझ्यासाठी आतून लावलेली नाही. सगळे चांगले होते हो. तक्रार नाही. पण एकटं राहणं वेगळं आणि एकटं पडणं वेगळं. मला पहिलं हवंय. लेकीला दुसरं दिसतंय."

मी चहा करायला उठलो.

२९ सप्टेंबर

हे सगळं हिला सांगितलं, जमेल तितकं हुबेहूब. ही पलंगावर मांडी घालून बसलेली, मांडीवर उशी, उशीवर पाचवीच्या भूगोलाचं पुस्तक. ऐकलं तिनं. मग म्हणाली, "व्याख्या तिच्या छानच असतात. वर्गात टाळ्या पडायच्या." आणि भूगोलात डोकं घातलं.

पण 'नाही' म्हणाली नाही. हीही प्रगतीच!

१२ ऑक्टोबर, रविवार

छोट्या खोलीचं दार कुठं? दोन रविवार ह्यातच गेले.

मोठ्या खोलीतून दिलं तर आल्या-गेल्याला बाईंची पाठ दिसते. ओट्याकडून दिलं तर चहा हाताशी, पण कुकरच्या शिट्ट्याही हाताशी. व्हरांड्याकडून दिलं तर कुणाला न सांगता बाहेर पडता येतं. "मग ते दार की पळवाट?" मी विचारलं. सासूबाई एकदम खुलल्या. "वा! हा प्रश्न माझ्या विद्यार्थ्यांनाही कधी सुचला नाही." मी दिवसभर हवेत.

दार म्हणजे भिंतीनं घेतलेली माघार, असं त्या म्हणतात. मी म्हणतो, भिंत हाच दाराचा अभाव. तीन ठिकाणी काढलं, तीनदा पुसलं. कागद तिथं पातळ झालाय.

२६ ऑक्टोबर, रविवार

अजून दारच! आज चौथ्यांदा पुसलं. उद्या ताज्या डोक्यानं बघू.

२७ ऑक्टोबर

गवंडी मिस्त्री सकाळीच दारात हजर. "साहेब, माणसं मोकळी आहेत, आज नकाशा दिला तरच, नाहीतर मी दुसरं काम धरतो." ऑफिसला जाता जाता छापून त्याच्या हातात दिला. सुताराला चार चौकटींची ऑर्डर मागेच दिलेली आहे.

एरवी माझा प्रत्येक कागद हिच्या नजरेखालून जातो. 'स्वच्छतागृह' मी सतरा वर्षं चुकवतोय. ह्या वेळी मात्र तिनं हातसुद्धा लावला नाही. "ते तुमचं दोघांचं," म्हणाली.

लागली गाडी मार्गाला!

२ नोव्हेंबर, रविवार

जमिनीवर चुन्याच्या फक्कीनं घर आखलं, खरं, पुऱ्या मापाचं. मला हा दिवस सगळ्यांत आवडतो. घर असतं आणि नसतंही.

सासूबाई हट्टानं आल्या. रेघेबाहेर उभ्या राहून हवेत बेल वाजवली. मिस्त्रीनं गंभीर चेहऱ्यानं दार उघडलं! मग बाई आत हिंडल्या, नसलेल्या ओट्यावर नसलेला चहा केला, आणि येताना सरळ दोन रेघा ओलांडून आल्या.

"आई, तुम्ही भिंतीतून आलात!"

"मग? अजून आहे कुठं ती?"

"आखली की झाली."

"म्हणजे भिंत विचारात असते, विटेत नसते? जावईबापू, हे तुम्ही बोललात, मी नाही." इतक्या खुशीत मी त्यांना सहा वर्षांत पाहिलं नव्हतं. परत येताना बसमध्ये मात्र खिडकीबाहेर बघत म्हणाल्या, "ती आली असती तर हसली असती."

३० नोव्हेंबर, रविवार

मिस्त्रीवर ओरडलो. खिडकी त्यानं स्वतःच्या मनानं सहा इंच मोठी केली. "हवा बरी येईल, म्हटलं."

मी लेक्चर झाडलं. सासूबाईंची हवा लागलेली, दुसरं काय! "हे बघा, ह्या नकाशातली एकही रेघ कारणाशिवाय नाही. आणि जिथं रेघ नाही, तिथंही ती कारणाशिवाय नाही असं नाही. तुम्ही आपली अक्कल मधे घालायची नाही. कागदावर आहे ते बांधायचं. नाही ते नाही."

मिस्त्री मान हलवत राहिला. विटांची भर घालून खिडकी पुन्हा नकाशाएवढी केली. चांगला दम भरला, आता चुकणार नाही.

९ डिसेंबर

सासूबाईंचा पाय मुरगळला. तीन आठवडे घराबाहेर पडायचं नाही. ही आईशी बोलत नाही, पण सकाळ-संध्याकाळ न बोलता पायाला मलम चोळते. सासूबाई न बोलता चोळून घेतात. मी मधल्या मधे हवामानाविषयी बोलतो.

१८ डिसेंबर

ऑफिसात नुसती धावपळ. पंधराव्या हॉस्पिटलचे जिने, सहा. रविवारीही. साइटवर जाणं नाही. मिस्त्रीला फोन केला, "सगळं ठीक?" "अगदी नकाशाप्रमाणे, साहेब."

४ जानेवारी, रविवार

 हसावं की घाबरावं, कळत नाही.

साइटवर गेलो. भिंती उभ्या! डोक्याच्याही दोन हात वर. स्लॅब तेवढा राहिलाय. ओळंबा लावून बघितलं, एक सूत इकडेतिकडे नाही. मोठी खोली बघितली, मोरी बघितली, व्हरांड्यात गेलो. मग छोट्या खोलीकडे वळलो. भिंत. ओट्याकडून गेलो. भिंत. मागून गेलो — खिडकी, तिला पक्के गज. बाकी भिंत.

"मिस्त्री, हिचं दार कुठाय?"

"नाही साहेब."

"नाही म्हणजे?"

त्यानं खिशातून नकाशा काढला, उलगडला आणि दोन्ही हातांनी माझ्यापुढे धरला. खरंच नव्हतं! चार वेळा पुसलेलं, एकदाही परत न काढलेलं. "तुम्हीच म्हणालात ना, रेघ नाही तिथंही कारण असतं. मॅडम शिकलेल्या. म्हटलं असेल काहीतरी, ध्यानाबिनाची खोली. माझा एक माणूस आत राहिला होता, त्याला शिडीनं वर काढला."

चौथी चौकट कुठाय विचारलं. तिच्यावर पत्रा टाकून सिमेंटच्या गोण्या ठेवल्या होत्या. "उरली होती," म्हणाला.

ज्या एका खोलीपायी हे सगळं घर उभं राहिलं, तिच्यात जाता येत नाही. आणि ही चूक दुसऱ्या कुणाच्या हातून झालीच नसती! अडाण्यानं दार ठेवलं असतं. शहाण्यानं ठेवलं असतं. दारावर महिनाभर विचार करणाऱ्या दोघांनाच ते विसरता येतं.

५ जानेवारी

जेवताना सांगून टाकलं. लपवणार किती दिवस?

सासूबाईंचा घास हातातच. मग हळूच, "म्हणजे... माझी खोली तयार आहे आणि मी बाहेर?" आणि हसायला लागल्या. पण खरी कमाल पुढे. ही हसली! चार महिन्यांनी! आधी नाकातून, मग तोंडावर हात, मग टेबलावर डोकं ठेवून. "घरात मुद्रितशोधक — आणि दारच गाळलं! एक प्राध्यापक, एक आर्किटेक्ट..." पुढचं बोलता येईना. ठसका लागला. सासूबाईंनी पाण्याचा पेला पुढे केला, हिनं घेतला.

मग म्हणाली, "मला बघायचीय ती खोली."

मी (गाढवच!) म्हटलं, "तू तर पाऊल टाकणार नव्हतीस."

"दाराशिवाय घरात पाऊल टाकता येतं का? मी शिडीवरून जाईन."

आईची मुलगी!

११ जानेवारी, रविवार

आजचं नीट लिहायचं. एक शब्द सुटता कामा नये.

तिघं गेलो. हिनं चपला काढल्या, शिडी चढली, भिंतीवर बसली. मिस्त्रीनं दुसरी शिडी आत सोडली, तिच्यावरून उतरली. काही दिसेना आम्हाला. आतून आवाज — "ही शिडी वर ओढून घ्या."

"अगं, कशाला?"

"ओढा. पाच मिनिटं."

मिस्त्रीनं माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली. पाचाची दहा झाली, दहाची वीस. मी अस्वस्थ. हाक मारणार तेवढ्यात सासूबाईंनी हात वर केला. त्या ओट्याच्या बाजूला विटांच्या थप्पीवर बसल्या होत्या, भिंतीला पाठ टेकून. आतूनही कुणीतरी तशीच पाठ टेकली असावी, कारण आवाज अगदी तिथूनच आला. छप्पर नाही, त्यामुळे शब्द वरून येत होते.

"आई."

"आहे गं."

मग आतून —

"माझ्याकडे काय कमी होतं?"

"काहीच नाही. सगळं होतं. पण सगळं तुझं होतं. मी सहा वर्षं तुझ्या घरात शहाण्यासारखी वागते आहे. दमले गं."

मग हिचा बारीक आवाज. "आधी का नाही सांगितलंस?"

"तू इतकं प्रेमानं करत होतीस. सांगू कशी?"

आत नाक ओढल्याचा आवाज. बाहेर सासूबाईंनी पदरानं चष्मा पुसला. चार महिने मी ज्या दोघींच्या मधे उभा होतो, त्या आता नऊ इंची भिंतीला टेकून एकमेकींशी बोलत होत्या, आणि मधे कुणी नको होतं. मी मिस्त्रीला घेऊन रस्त्याकडे गेलो. त्यानं तंबाखू पुढे केली. मी खात नाही, तरी घेतली.

परत आलो तेव्हा ही म्हणत होती, "आई, किती शांत आहे गं इथं."

"मला काय ठाऊक? मी अजून आत गेलेच नाही!"

दोघी हसल्या. मला मात्र एकदम लक्षात आलं — लेकीचं पाऊल पडलं! आधी पडलं! अट पुरी!

मग दार. मी म्हटलं, आता दोघींनीच सांगा. हिनं आतून विटेच्या तुकड्यानं खूण केली, सासूबाईंनी बाहेरून खडूनं. भिंत दोघींची एकच, पण मोजलं तर तीन फुटांचा फरक. मी पुन्हा चर्चेला सरसावलो, तर सासूबाई म्हणाल्या, "चर्चा पुरे. जी आत बसली आहे तिचं ऐका."

हिला बाहेर काढलं तेव्हा दीड तास झाला होता. शिडी सोडल्यावरही लगेच चढली नाही.

१२ जानेवारी

मिस्त्रीनं भिंत फोडली. चौथी चौकट बसली. दार व्हरांड्याकडून! मी जिला पळवाट म्हटलं होतं तीच बाजू.

१ फेब्रुवारी, रविवार

स्लॅब पडून आठवडा झाला. आता घर आखडून गंभीर दिसतंय. ही दर रविवारी येते. फरशीचा रंग, खिडकीचा पडदा, सगळ्यांत मत. सासूबाई कौतुकानं ऐकतात आणि मग आपल्याला हवं तेच करतात.

आज पाणी मारता मारता सासूबाईंशी वाद. त्या म्हणाल्या, "आमच्यात चूक झाली तर कुणी दबून मरत नाही. म्हणून तुमचं खरं शास्त्र." मी म्हटलं, "आमची चूक छिन्नीनं निघते. तुमची दोन हजार वर्षं उभी असते." त्यांनी वही मागितली!

१ मार्च, रविवार

सासूबाई राहायला गेल्या. एकेचाळीस खोकी, त्यांतली सदतीस पुस्तकांची. सगळी खोकी हिनं आणि मी उचलली, मिस्त्रीनं पैसे न घेता हात लावला.

सामान लागल्यावर सासूबाई म्हणाल्या, "जरा थांबा हं." छोट्या खोलीत गेल्या. दार ओढलं. आतून कडी लागल्याचा आवाज आला.

आम्ही दोघं व्हरांड्यात उभे. दहा मिनिटं आतून चकार शब्द नाही. हिनं माझा दंड घट्ट धरला होता. रडत होती ती. मीही रडलो, सांगायला लाज कसली? हे माझं पहिलं घर आहे आणि त्यात माणूस आहे.

३ मार्च

पुढची खोली केवढी मोठी झाली! सासूबाईंची कॉट गेली तिथं माझा ड्रॉइंग बोर्ड उभा केला, शेजारी नमुन्यांचं कपाट. सतरा वर्षं जागा शोधत होतो. हिला दाखवलं. "बरोबर बसला," म्हणाली.

८ मार्च, रविवार

लेख लिहायला घेतलाय. विचार आणि इमारत यांचं नातं, स्वानुभवातून. मुद्दा असा, की चांगलं घर माणसाला पटवतं. भांडून, समजावून जे झालं नाही ते एका बंद खोलीनं दीड तासात केलं. हिला वाचून दाखवला. दोन ऱ्हस्व-दीर्घ काढले तिनं.

"बाकी पटतंय ना?"

"बाकी पटलंय," म्हणाली.

मोठ्या साहेबांनाही दाखवणार आहे. बघू देत, जिनेवाला काय करू शकतो!

१२ मार्च

ही दोन दिवस आईकडे राहून आली. तिसरीचं गणित तिथंच संपवलं, छोट्या खोलीत. सासूबाईंनी तिला खोली दिली आणि स्वतः ओट्यापाशी बसल्या. हिचा चेहरा कसा ताजातवाना! चार महिन्यांपूर्वी त्या घराचं नाव काढू देत नव्हती. माझी पाठ मीच थोपटली, दुसरं कोण थोपटणार?

१५ मार्च, रविवार

सकाळी बोर्डापाशी बसलो होतो. ही कप घेऊन आली, उभीच राहिली. "मलाही एक घर काढून दे. फार नको. नऊ बाय अकराची एक खोली आणि मोरी, बस. मी सगळं मोजलंय."

"कशाला?" मी विचारलं.

"राहायला. आई सत्तरीपर्यंत थांबली. मी नाही थांबणार."